सगळे पास, मग अडलं कुठे?

२०१८ साली महाराष्ट्र राज्य मंडळाचा दहावीचा निकाल ८९.४१ टक्के लागला. २०१९ साली तो ७७.१० टक्क्यांवर घसरला आणि २०२० साली थेट ९५.३० टक्क्यांवर गेला. राज्यातली मुलं एका वर्षात ढ झाली आणि पुढच्या वर्षी एकदम हुशार झाली, असं कुणी म्हणणार नाही. झालं होतं ते एवढंच: २०१९च्या परीक्षेत भाषा आणि सामाजिक शास्त्रांमधले शाळेच्या हातातले अंतर्गत गुण मंडळाने काढून घेतले. निकाल कोसळल्यावर ओरड झाली आणि पुढच्या वर्षी ते गुण परत आले. २०२०मध्ये करोनामुळे भूगोलाचा पेपर रद्द होऊन सरासरीने गुण मिळाले, तोही हातभार लागला. २०२१ला तर परीक्षाच झाली नाही आणि निकाल लागला ९९.९५ टक्के.

संपादकांनी यंदा ‘दर्जा’ हा विषय लेखासाठी सुचवला, तेव्हा हे आकडे आधी आठवले. मी माध्यमिक शाळेत गणित शिकवत आलो. आमच्या शिक्षकखोलीत एक वाक्य दर जूनमध्ये ऐकू यायचं: ‘मुलं खालूनच कच्ची येतात.’ महाविद्यालयातले प्राध्यापक आमच्याबद्दल तेच म्हणतात, आम्ही प्राथमिकच्या गुरुजींबद्दल म्हणतो आणि गुरुजी मुलाच्या घराकडे बोट दाखवतात. म्हणून ठरवलं, या ‘खालून’चा माग काढत जिथवर जाता येईल तिथवर जायचं.

आठशे चोवीस भागिले आठ

पहिला थांबा: जुन्नर तालुक्यातली जिल्हा परिषदेची शाळा, पहिली ते सातवीची. बाहेर पाऊस, आत पाचवी आणि सहावी एकाच खोलीत. पाचवीला पुस्तकातला उतारा उतरवून काढायला दिला होता आणि सहावीला फळ्यावर भागाकार: ८२४ भागिले ८.

खिडकीजवळच्या मुलाचं उत्तर सगळ्यांच्या आधी आलं. १३. खाली पट्टीने रेघ मारलेली, बाकी शून्य. मॅडमनी लाल शाईची फुली मारली नाही. शेजारी बसून म्हणाल्या, ‘‘कसं केलंस, मोठ्याने सांग.’’

‘‘आठ एके आठ. दोनला भाग जात नाही. चार खाली घेतला. चोवीस. आठ त्रिक चोवीस.’’

पाढा चोख होता. क्रमही पाठ होता. मॅडमनी विचारलं, ‘‘आठ जणांना तेरा-तेरा रुपये दिले, तर किती संपले?’’ त्याने बोटं मोडत गुणाकार केला. एकशे चार. ‘‘आणि आपल्याकडे होते किती?’’ तो वहीकडे बघत राहिला. मग १३ खोडून १३० लिहिलं आणि मॅडमच्या चेहऱ्याकडे पाहिलं. उत्तर बरोबर आलंय की नाही हे त्याने वहीत शोधलं नाही, बाईंच्या तोंडावर शोधलं.

मॅडमनी कपाटातून खेळातल्या नोटा काढल्या. शंभराच्या आठ, दहाच्या दोन आणि एक रुपयाची चार नाणी. शंभराच्या नोटा आठ जणांना एकेक गेल्या. दहाच्या दोनच नोटा, त्या आठ जणांना कशा पुरणार? ‘‘मग दहाच्या घरात प्रत्येकाला काय मिळालं?’’ ‘‘काही नाही.’’ ‘‘काही नाही, हे कसं लिहायचं?’’ बराच वेळ गेला. मग त्याने एक आणि तीन यांच्या मधोमध शून्य लिहिलं, आणि दोन नोटा मोडून वीस नाणी घेऊन मोजूनही पाहिलं. १०३.

या एका शून्यापायी वीसेक मिनिटं गेली. तोवर पाचवीचा उतारा उतरवून संपला होता आणि मागे दंगा सुरू झाला होता. मॅडम उठल्या तेव्हा वर्गातल्या आणखी नऊ वह्यांमध्ये उत्तर १३ होतं.

शतक, दशक, एकक ही गोष्ट दुसरी-तिसरीतली. तिथे राहिलेली फट तिसरी, चौथी, पाचवी ओलांडून सहावीपर्यंत चालत आली. दरवर्षी वर्ग बदलला, शिक्षक बदलले, पुस्तक जाड झालं. ‘या मुलाला शून्याची जागा कळलेली नाही’ एवढं एक वाक्य मात्र एका शिक्षकाकडून दुसऱ्याकडे गेलं नाही. मग काय गेलं? ते मॅडमनी मधल्या सुट्टीत दाखवलं. गेल्या वर्षीची गणिताची श्रेणी: ब-१. म्हणजे ७१ ते ८० टक्के.

नोंदवहीची भाषा

शिक्षण हक्क कायदा २००९ साली आला आणि १ एप्रिल २०१०पासून लागू झाला. त्याच्या कलम १६ने आठवीपर्यंत कुणालाही एका वर्गात मागे ठेवायचं नाही असं सांगितलं. ‘ढकलगाडी’ हा शब्द तेव्हापासून चावडीपासून संपादकीयापर्यंत सगळीकडे पोचला. पण त्याच कायद्याचं कलम २४ फारसं कुणी वाचत नाही. प्रत्येक मुलाची शिकण्याची क्षमता जोखायची आणि गरज असेल तिथे पूरक शिकवायचं, हे शिक्षकाचं कर्तव्य म्हणून तिथे लिहिलेलं आहे. नापास करू नका हे निम्मं वाक्य होतं. उरलेलं निम्मं, ‘आणि येत नसेल तर पुन्हा शिकवा’, वाटेतच गळालं.

महाराष्ट्राने २०१०मध्येच सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापन आणलं. कल्पना उत्तम होती. वर्षाअखेरच्या एका पेपरावर मुलाचं भवितव्य ठरवण्याऐवजी वर्षभर त्याच्याकडे बघायचं. त्यासाठी दैनंदिन निरीक्षण, तोंडीकाम, प्रात्यक्षिक, उपक्रम, प्रकल्प, चाचणी, स्वाध्याय अशी साधनं दिली. पहिली-दुसरीत या वर्षभर चालणाऱ्या, म्हणजे आकारिक मूल्यमापनाला ७० टक्के भार, पाचवी-सहावीत ५०, सातवी-आठवीत ४०. ड किंवा त्याखालची श्रेणी मिळालेल्या मुलाला जादा मार्गदर्शन करून वर आणायचं, अशी त्यामागची योजना.

आता जमिनीवर हे कसं चालतं ते बघा. प्रत्येक मुलाच्या प्रत्येक विषयाच्या वर्णनात्मक नोंदी ठेवायच्या असतात. या नोंदींची तयार पुस्तकं बाजारात मिळतात, पीडीएफ शिक्षकांच्या व्हॉट्सॲप गटांवर फिरतात. ‘परिसरातील वस्तूंचे निरीक्षण करतो’, ‘गटकार्यात उत्साहाने सहभागी होतो’, ‘गणितीय क्रिया समजून घेतो’. एकाच हस्ताक्षरात ओळीने तीस मुलं गणितीय क्रिया समजून घेत असतात. खिडकीजवळचा तो मुलगाही त्यांच्यात होता.

मी विचारलं, ‘‘मॅडम, याला ड का दिला नाही कुणी?’’ त्या हसल्या. ‘‘सर, ड दिला की मला लिहावं लागतं की का दिला. मग त्याच्यासाठी काय केलं ते लिहायचं. मग वरून कुणी आलं की ती वही काढायची. ब-१ला कुणी काही विचारत नाही.’’

या प्रश्नावरच्या परिसंवादांत ऐकलेल्या सगळ्या भाषणांपेक्षा हे उत्तर मला जास्त कामाचं वाटलं. खरी श्रेणी दिली की शिक्षकाचं काम वाढतं, खोटी दिली की शांतता मिळते. बाईंच्या जागी कुणीही असतं तर काही महिन्यांत हेच शिकलं असतं.

ढकलगाडीवर उपाय म्हणून २०१९मध्ये केंद्राने कायदा बदलला, आणि राज्याने २०२३मध्ये नियम करून पाचवी आणि आठवीला वार्षिक परीक्षा पुन्हा आणली. पाचवीला विषयाला ५० गुण, आठवीला ६०, नापास झाल्यास फेरपरीक्षा. ‘‘काय फरक पडला?’’ असं विचारल्यावर शेजारच्या वर्गावरचे गुरुजी म्हणाले, ‘‘पेपर आम्हीच तपासायचा, नापास झाला तर उन्हाळ्यात आम्हीच शिकवायचं, फेरपरीक्षा आम्हीच घ्यायची. तुम्हीच सांगा, किती नापास होणार?’’

शिकवायचं कधी?

त्याच शाळेत पहिला तास सुरू होऊन दहा मिनिटं झाली नसतील, तोच मुख्याध्यापिकांचा फोन वाजला. पोषण आहाराची आजची उपस्थिती भरायची होती. मग गटावर संदेश: काल झालेल्या उपक्रमाचे फोटो दुपारपर्यंत पाठवावेत. मग विद्यार्थ्यांच्या आधारमधल्या नावांची दुरुस्ती. नेटवर्क नसल्याने एक शिक्षक मोबाइल घेऊन शाळेमागच्या टेकाडावर गेले. त्यांच्या वर्गावर सातवीतली एक मुलगी पाढे म्हणवून घेत होती.

जनगणना, आपत्तीनिवारण आणि निवडणुका सोडून शिक्षकांना अन्य कामं देऊ नयेत, असं शिक्षण हक्क कायद्याचं कलम २७ सांगतं. पण माहिती भरणं हे अशैक्षणिक काम मानलंच जात नाही. ते शाळेचंच काम ठरतं. आणि वरच्या कार्यालयाला शाळा दिसते ती याच माहितीतून. स्वच्छतागृह आहे का, हात धुतानाचा फोटो आहे का, वृक्षारोपण झालं का, हे सगळं दिसतं. ८२४ला ८ने भागताना मूल कुठे अडखळतं, हे दाखवणारा रकाना कुठल्याच पोर्टलवर नाही.

त्यात पटाची टांगती तलवार. संचमान्यतेत विद्यार्थिसंख्येवर शिक्षकांची पदं ठरतात. पट घसरला की एक शिक्षक अतिरिक्त ठरतो. गावातली पाच मुलं तालुक्याच्या इंग्रजी शाळेच्या पिवळ्या गाडीत बसू लागली की इथल्या शिक्षकाची खुर्ची हलते. अशा वेळी पालकाला ‘तुमचा मुलगा दोन वर्षं मागे आहे’ असं कोण सांगणार?

चौकटीतलं उत्तर

तिथून वर आलो. तालुक्याच्या गावातली अनुदानित माध्यमिक शाळा, आठवीचा मराठीचा तास. भाषेला आता प्रश्नपत्रिका नसते, कृतिपत्रिका असते. पाठांतराला फाटा देऊन आकलन तपासावं, हा तिचा हेतू. म्हणून उतारा छापून देतात आणि त्याखाली ‘आकृतिबंध पूर्ण करा’, ‘चौकटी पूर्ण करा’ अशा कृती.

एका मुलीने चार चौकटी भराभर भरल्या. सगळ्या बरोबर. मी विचारलं, ‘‘उताऱ्यात कुणाची गोष्ट आहे?’’ ती गप्प. तिने केलं होतं ते असं: प्रश्नातला ठळक शब्द घ्यायचा, उताऱ्यात तोच शब्द शोधायचा, त्याच्या पुढचे दोन शब्द चौकटीत उतरवायचे. उतारा वाचावाच लागला नव्हता. शिक्षकांना हे माहीत होतं. ते म्हणाले, ‘‘आम्हीच शिकवतो, सर. गुण मिळतात.’’

घोकंपट्टी मोडायला आणलेल्या पद्धतीची अशी युक्ती होते, आणि युक्तीचीच पुढे घोकंपट्टी होते. परीक्षेचं स्वरूप बदललं की सहा महिन्यांत गाईड येतं, वर्षभरात क्लासवाले त्याची रीत बसवतात. मग त्या रीतीलाच लोक शिक्षण म्हणू लागतात.

दहावीच्या अंतर्गत वीस गुणांचंही तसंच. तोंडी परीक्षा, स्वाध्याय, वही यांतून मुलाची ओळख पटावी म्हणून ते शाळेच्या हाती दिलेले. प्रत्यक्षात शिक्षकखोलीत सतरा-अठराच्या खाली सहसा कुणी उतरत नाही. ‘‘शेजारच्या शाळेने एकोणीस दिले आणि आम्ही बारा, तर आमच्या मुलांचं नुकसान नाही का?’’ हा प्रश्न बिनतोड आहे. एकेका शिक्षकाने प्रामाणिक व्हायचं ठरवलं तर फटका त्याच्याच मुलांना बसतो.

गुणांचं नोटांसारखं झालंय: छपाई वाढत गेली तसा एकेकाचा भाव उतरत गेला. २०२५च्या दहावीत २११ मुलांना शंभर टक्के मिळाले. त्यांतली ११३ एकट्या लातूर विभागातली. सर्वोत्तम पाच विषय आणि त्यावर कला-क्रीडेचे सवलतीचे गुण, असा हा हिशेब. त्या मुलांची मेहनत खरी आहे, त्यांना कमी लेखायचं नाही. पण पंच्याण्णव टक्क्यांची गुणपत्रिका घेऊन आलेल्या मुलाला नेमकं काय येतं हे तिच्यावरून सांगता येत नाही, म्हणून पुढच्या प्रत्येक दारात वेगळी प्रवेशपरीक्षा उभी राहिली. आणि प्रवेशपरीक्षेचा अभ्यास शाळेत होत नसल्याने अकरावी-बारावीचे वर्ग ओस पडले. अनेक कनिष्ठ महाविद्यालयांत मुलं नावापुरती असतात; दिवसभर क्लासमध्ये.

२०२४च्या राज्य अभ्यासक्रम आराखड्यात दहावीला गणित आणि विज्ञानात ३५ऐवजी २० गुणांवर पुढे जाऊ देण्याची सूचना आली, तेव्हा दर्जा बुडाला म्हणून गदारोळ झाला. गणितशिक्षक म्हणून मीही चिडलो होतो. पण ती सूचना नीट वाचली तर तिच्यात एक अट होती: गुणपत्रिकेवर तसा शेरा असेल आणि त्या विषयाच्या शाखेकडे जाता येणार नाही. म्हणजे ‘याला हे येत नाही’ असं कागदावर लिहिण्याची तयारी तिथे निदान होती. अंतर्गत गुणांच्या आधाराने पस्तिशी ओलांडलेल्या मुलाच्या गुणपत्रिकेवर असं काहीच लिहिलेलं नसतं.

आमच्या वेळची सातवी

या विषयावर बोलताना हमखास कुणीतरी म्हणतं, ‘‘आमचे आजोबा सातवी पास होते, पण त्यांचं इंग्रजी आजच्या पदवीधरापेक्षा बरं.’’ आजोबा हुशार होते यात शंका नाही. सातवीची व्हर्नाक्युलर फायनल उत्तीर्ण झालेल्यांनी गावोगावी शाळा चालवल्या, हेही खरं. पण त्यांच्याबरोबर पहिलीत बसलेली बाकीची मुलं कुठे गेली? कुणी गुरं राखायला, कुणी लग्न होऊन सासरी. अनेकांना तर शाळेच्या उंबऱ्याच्या आत येऊच दिलं नव्हतं. महात्मा फुल्यांनी १८८२ साली हंटर आयोगापुढे बारा वर्षांपर्यंतच्या प्राथमिक शिक्षणाच्या सक्तीची मागणी केली, ती याच वंचितांसाठी. ज्यांना जमलं नाही ते गळत गेले आणि जे उरले त्यांच्यावरून दर्जा मोजला गेला.

कोल्हापूर जिल्ह्यातून आलेले शिक्षणतज्ज्ञ जे. पी. नाईक हे कोठारी शिक्षण आयोगाचे सदस्य-सचिव. समता, गुणवत्ता आणि संख्या हा भारतीय शिक्षणाला न साधलेला त्रिकोण आहे, अशी मांडणी त्यांनी १९७५च्या पुस्तकात केली. पन्नास वर्षांत संख्या बरीचशी साधली. मुलगी, ऊसतोड कामगाराचं मूल, वस्तीवरचं मूल वर्गात येऊन बसलं, ही लहान गोष्ट नव्हे. राहिलेल्या दोन बाजू मात्र नुसत्या हजेरीपटावर जुळत नाहीत.

आणि मुलांची समज खरोखर घसरते आहे का? ‘असर’ची पाहणी २००५पासून खेड्यापाड्यांत घरोघरी जाऊन एक पानभर मजकूर आणि चार गणितं घेऊन मुलांना तपासते. २०२४च्या पाहणीत देशाच्या ग्रामीण भागात पाचवीतल्या ४८.८ टक्के मुलांना दुसरीच्या पातळीचा मजकूर वाचता आला आणि ३०.७ टक्क्यांना तीन अंकी संख्येला एक अंकी संख्येने भागता आलं. २०१८मध्ये हेच आकडे ५० आणि २८च्या आसपास होते. मध्ये करोनात दोन्ही घसरले, नंतर सावरले. म्हणजे कडा कोसळल्यासारखं काही झालेलं नाही. समज जिथल्या तिथे घुटमळते आहे आणि निकाल वर चढतो आहे. दर्जा घसरला म्हणतो तेव्हा खरं तर घसरली आहे ती गुणांची पत.

जिथे जमतं तिथे काय करतात

सातारा जिल्ह्यातल्या एका छोट्या शाळेत रोजचा पहिला तास इयत्तेने भरत नाही. तिसरी ते पाचवीची मुलं वाचनाच्या पातळीनुसार बसतात: अक्षरं ओळखणारी, शब्द वाचणारी, परिच्छेद वाचणारी, गोष्ट वाचणारी. पाचवीतला दांडगा मुलगा तिसरीतल्या मुलीशेजारी बसून शब्दांची कार्डं लावतो, आणि यात कुणाला काही वाटत नाही, कारण काही आठवड्यांनी तपासून गट बदलतात. तपासणी म्हणजे एक पान, एक मूल आणि समोर बसलेले गुरुजी. गुण नाहीत.

हा शोध नवा नाही. मुंबईत नव्वदच्या दशकात सुरू झालेल्या ‘प्रथम’ या संस्थेने मागे राहिलेल्या मुलांसाठी वस्तीतल्या तरुणी ‘बालसखी’ म्हणून नेमल्या. मुंबई आणि वडोदऱ्यात त्याचा काटेकोर अभ्यास झाला, त्यात अभिजित बॅनर्जी आणि एस्थर डुफ्लो होते. २०१९च्या अर्थशास्त्राच्या नोबेलमागे अशाच प्रयोगांची परंपरा आहे. मूल जिथे आहे तिथून शिकवलं की ते पुढे सरकतं, एवढाच त्याचा सांगावा.

त्या शाळेत मला जास्त महत्त्वाची वाटली ती मुख्याध्यापकांची एक साधी वही. वर्ष संपताना प्रत्येक वर्गशिक्षक पुढच्या वर्गशिक्षकाशेजारी बसून ती भरतो. एका मुलाला एक ओळ. ‘जोडाक्षर आलं की थांबते.’ ‘हातच्याची वजाबाकी उलटी करतो.’ ‘वाचतो छान, लिहायला बसत नाही.’ श्रेणी नाही, गुणगौरव नाही. ही वही कुणाही अधिकाऱ्याला दाखवायची नसते, म्हणूनच ती खरी असते.

मग हे सगळीकडे का होत नाही? याच जिल्ह्यातल्या कुमठे बीटच्या शाळांमधलं काम बघायला एके काळी राज्यभरातून शिक्षक आले. मुलाने स्वतः करून शिकावं म्हणणाऱ्या ज्ञानरचनावादाची लाट आली, २०१५मध्ये ‘प्रगत शैक्षणिक महाराष्ट्र’चा शासननिर्णय निघाला. त्यानंतर गावोगावी वर्गांच्या फरशा रंगल्या, त्यांवर अंक आणि अक्षरांची चित्रं उमटली. रंगवलेली फरशी फोटोत दिसते, अधिकाऱ्याला मोजता येते. मुलाशेजारी बसून ‘कसं केलंस, सांग’ म्हणणं फोटोत दिसत नाही. म्हणून बऱ्याच ठिकाणी फरशी पोचली आणि ते बसणं मागेच राहिलं.

खरं सांगण्याची किंमत

आता निपुण भारत अभियानाने २०२६-२७ हे उद्दिष्टाचं वर्ष ठरवलं आहे. तिसरी संपेपर्यंत प्रत्येक मुलाला समजून वाचता आणि मूलभूत गणित करता यावं. उद्दिष्ट योग्य आहे. भीती एकच आहे, की त्याचाही तक्ता होईल, तक्त्यात जिल्ह्यांची क्रमवारी लागेल, आणि मग कुठलाच जिल्हा मागे राहणार नाही.

हे टाळायचं तर आधी दोन गोष्टी वेगळ्या कराव्या लागतील. शिक्षकाने मुलाला समजून घेण्यासाठी केलेली तपासणी शाळेच्या बाहेर जाता कामा नये. तिच्यावरून शिक्षकाला शाबासकी नको आणि नोटीसही नको. शाळेचं, जिल्ह्याचं काय चाललंय हे सरकारला बघायचं असेल, तर बाहेरच्या माणसांनी येऊन थोड्या मुलांना तपासावं. आज ही दोन्ही कामं एकाच श्रेणीकडून करून घेतली जातात. ती वर पाठवायची म्हणून खोटी होते, आणि खोटी म्हणून वर्गात निरुपयोगी.

पालकांच्याही हातात काही आहे. शाळेतल्या पालकसभेत किती टक्के पडले हे विचारून होतं. एकदा ‘याला काय येत नाही?’ असं विचारून बघावं, आणि उत्तर आल्यावर भांडू नये. हे अवघड आहे. जुन्नरच्या मॅडम म्हणाल्या होत्या, ‘‘एकदा एका आईला खरं सांगितलं. पुढच्या जूनला तिने दाखला काढून नेला.’’

गुण खरे व्हायला लागले तर पहिली काही वर्षं निकाल खाली येतील. वर्तमानपत्रांत मथळे येतील, विधिमंडळात प्रश्न येतील, संस्थाचालक शिक्षकांना जाब विचारतील. तेवढा काळ मंत्र्यांपासून आईबापांपर्यंत सगळ्यांनी दम धरला, तरच सहावीच्या बाईंना दुसरीतलं शून्य शिकवायला उसंत मिळेल. नाहीतर पुढच्या वर्षी पुन्हा कुणीतरी पावसात शाळेत जाईल, पुन्हा वही उघडेल, आणि उत्तर पुन्हा १३च असेल. श्रेणी कदाचित अ-२ झालेली असेल.